दररोज सरासरी ३८५ पाव, मग मार्चमध्ये किती? गुणाकार येतो पण मुलाला पटत नाही

पर्वरीकरीण

नमस्कार मंडळी. मुलगा पाचवीत आहे, मराठी माध्यम. गणित तसं बरं आहे त्याचं पण शाब्दिक उदाहरणं आली की आमच्या घरात वादच सुरू होतो. वहीत हे उदाहरण आलंय बघा:

"एका बेकरीत दररोज सरासरी ३८५ पाव विकले जातात. तर मार्च महिन्यात एकूण किती पाव विकले जातील?"

मार्चचे दिवस ३१, म्हणून ३८५ गुणिले ३१, उत्तर ११,९३५. त्याने गुणाकार केला, बरोबर आला, मागच्या पानावरच्या उत्तराशी जुळला पण. आणि मग पेन्सिल खाली ठेवून मला विचारतो की पोदेर (दारोदार पाव विकणारा) येतो तेव्हा रविवारी सगळेच जास्त उंडे (गोल पाव) घेतात, आपणच घेतो, मग रोज ३८५ कसे काय? आणि रोज सारखे नसतील तर ३१ ने गुणून उत्तर बरोबर कसं येईल? बरं सरासरी म्हणजे साधारण एवढे असं धरलं तर उत्तर पण साधारण १२ हजार असं यायला हवं ना, शेवटचे ९३५ कुठून आले एवढे नेमके?

ट्यूशनला विचारलं तर तिथे सांगितलं की सरासरी शब्द सोडून दे, आकडे बघ आणि गुण. त्याने काही त्याचं समाधान होत नाही आणि खरं सांगायचं तर माझंही नाही. सरासरीचा धडा अजून झालेला नाही त्यांचा, तो पुढे आहे म्हणे, पण गुणाकाराच्या उदाहरणात शब्द मात्र घालून ठेवलाय. दहा वर्षांच्या मुलाला हे कसं समजवायचं, भागाकाराची सूत्रं न सांगता? आणि उत्तर नक्की ११,९३५ म्हणायचं की अंदाजे?

बार्देसचो बाबू

ताई एवढा विचार परीक्षेत करायला लागला तर पेपर सुटायचा नाही हां. दररोज दिलंय, महिना दिलाय, गुणायचं, खाली "पाव" लिहायचं, पुढचा प्रश्न. आमच्या वेळी असले प्रश्न विचारले असते तर मास्तरांनी बाकावर उभं केलं असतं 😄

साखळीचो मास्तर (निवृत्त)

बाबू, बाकावर उभं करणाऱ्यांतलाच मी एक, तरी पण हा मुलगा माझ्या वर्गात असता तर त्याला पुढे बोलावून फळ्यावर लिहायला लावलं असतं. प्रश्न अगदी बरोबर ठिकाणी आहे त्याचा.

बाय, तुम्ही असं करा. त्याला एक आठवडा मांडून द्या, पण आकडे त्याच्याच म्हणण्यासारखे, म्हणजे रविवारी जास्त आणि सोमवारी कमी. मी देतो तयार करून:

सोमवार ३४०, मंगळवार ३५०, बुधवार ३६५, गुरुवार ३७०, शुक्रवार ३८०, शनिवार ४२०, रविवार ४७०.

बघा, यात एकाही दिवशी ३८५ नाही. एकाही दिवशी! हे त्याला स्वतःला शोधू द्या, तुम्ही सांगू नका. मग बेरीज करायला सांगा, २,६९५ येते. आता ३८५ गुणिले ७ करायला सांगा. तेही २,६९५. इथे मुलं एकदम गप्प होतात आणि मग परत बेरीज तपासतात, कारण त्यांना वाटतं मास्तरांनी काहीतरी चलाखी केली.

चलाखी काही नाही. सोमवारी ३८५ ला ४५ कमी पडले, मंगळवारी ३५, बुधवारी २०, गुरुवारी १५, शुक्रवारी ५. एकूण खड्डा १२० पावांचा. शनिवारी ३५ जास्त आणि रविवारी ८५ जास्त, म्हणजे ढीग पण १२० चाच. ढिगातली माती खड्ड्यात टाकली की जमीन सपाट, आणि त्या सपाट जमिनीची उंची ३८५. गुणाकार म्हणजे समान आकड्यांची पुन्हापुन्हा बेरीज, हे तो दुसरीपासून शिकलाय. दिवस असमान होते म्हणून थेट गुणता येत नव्हतं, ते सपाट केले, एकूण मात्र तेवढंच राहिलं, आता गुणता येतं. एवढंच सांगा. सूत्र लागत नाही, भागाकार लागत नाही.

आणि नेमके ९३५ कुठून आले विचारतो ना, त्याला सांगा की सरासरी हा अंदाज करून काढलेला आकडा नव्हे, खरी बेरीज करून सारखी वाटून काढलेला आहे. वाटताना काही सांडलं नसेल तर परत गोळा करताना तेवढंच येणार.

जाता जाता एक गोष्ट, शिक्षकाची खोड म्हणून. ३८५ गुणिले ३१ च्या उभ्या मांडणीत पुष्कळ मुलं दशकाच्या ओळीत शून्य द्यायला विसरतात. मग ३८५ च्या खाली ११५५ सरळ येतं आणि बेरीज होते १,५४०. हे उत्तर मी शेकडो वह्यांत लाल केलंय. नुसतं चूक म्हणून फुली मारू नका, त्याला विचारा की रोज ३८५ तर १,५४० पाव किती दिवसांत संपतील? चार दिवसांत. बरोब्बर चार, कारण शून्य विसरला म्हणजे ३१ ने नाही, ३ अधिक १ ने गुणलं गेलं. आणि महिन्याचे पाव चार दिवसांत कसे संपतील, हे कुठल्याही मुलाला कळतं.

फोंड्याचो इंजिनेर

सरांनी मस्त सांगितलंय. माझं फक्त एक पुरवणी, आणि ती ताईंच्या शेवटच्या प्रश्नाला धरून आहे, नक्की की अंदाजे.

तर याचं उत्तर, ती ३८५ ची सरासरी कुठल्या दिवसांची आहे त्यावर ठरतं. उदाहरणात ते लिहिलेलं नाही. मार्च महिन्याचे सगळे ३१ दिवस मोजून काढलेली सरासरी असेल तर ११,९३५ नक्की, एक पाव इकडेतिकडे नाही. पण सरांनी दिला तसा एका आठवड्याचा हिशोब करून ३८५ काढले असतील आणि मग त्यावरून मार्च काढायचा असेल तर तो अंदाज झाला, कारण ३१ दिवसांत ४ आठवडे आणि वर ३ दिवस येतात आणि ते ३ दिवस कुठले हे दर वर्षी बदलतं.

सरांचेच आकडे घेऊन करून बघितलं. चार आठवड्यांचे २,६९५ गुणिले ४ म्हणजे १०,७८०. हे ठरलेले. आता २०२४ चा मार्च शुक्रवारी सुरू झाला होता, म्हणजे त्यात पाच शुक्रवार, पाच शनिवार, पाच रविवार. वरचे तीन दिवस ३८० + ४२० + ४७० = १,२७०, एकूण १२,०५०. उलट २०२१ चा मार्च सोमवारी सुरू झालेला, तिथे वरचे तीन दिवस सोम मंगळ बुध, १,०५५, एकूण ११,८३५. म्हणजे तीच बेकरी, तीच गिऱ्हाइकं, तीच आठवड्याची सरासरी आणि एका मार्चमध्ये पुस्तकातल्या उत्तरापेक्षा ११५ जास्त, दुसऱ्यात १०० कमी. (२०२४ ला ३१ मार्चला ईस्टर पण होता, त्या दिवसाचा पावाचा खप तर मी धरलेलाच नाही.)

पाचवीच्या मुलाला हे सगळं नको, पण तुमच्या मुलाला रविवार आधीच दिसलाय तर पाच रविवारांचा महिना त्याला कळेल असं वाटतं. कॅलेंडर पुढ्यात ठेवून करा.

पर्वरीकरीण

सर, देव बरें करूं तुमचें! खड्डा आणि ढीग एकदम पटलं त्याला. १२० आणि १२० आले तेव्हा त्याने तीन वेळा बेरीज केली, तुम्ही म्हणालात तस्संच. आता कॅलेंडर घेऊन बसलाय आणि कुठल्या महिन्यात पाच रविवार ते शोधतोय, फेब्रुवारीत येऊ शकतात का म्हणून विचारतोय.

फोंड्याचो इंजिनेर

लीप वर्ष असेल आणि फेब्रुवारी रविवारी सुरू झाला तरच. २००४ ला झालं होतं, परत २०३२ ला होईल. त्याला २९ भागिले ७ करायला सांगा, बाकी १ उरते, तो एक दिवस रविवार हवा.

म्हापसा बाजारवालो

वाचून मजा आली. मी दुकानदार, गणितातला मास्तर नाही, पण हे दररोज सरासरी प्रकरण आमच्याकडे रोजचंच आहे आणि पुस्तकवाले जी गोष्ट सांगत नाहीत ती धंद्यात पहिल्या महिन्यातच अंगाला लागते.

आमचं दुकान रविवारी बंद. समजा मी म्हटलं की माझे रोज सरासरी १२० नारळ जातात. आता नवीन पोऱ्या ठेवला हिशोबाला, तो लगेच १२० गुणिले ३० करून ३,६०० ची ऑर्डर लिहून मोकळा. पण मी १२० म्हणालो ते दुकान उघडं असतं त्या दिवसांचे! चार रविवार गेले म्हणजे २६ दिवस, १२० गुणिले २६, ३,१२० नारळ. ४८० नारळ उगाच जास्त आले, ते ठेवणार कुठे, आणि पावसाळ्यात ठेवलेच तर कोंब येतात.

बरं हेच दुसऱ्या बाजूने बघा. कोणी हिशोबनीस बंद दिवस धरून महिन्याची सरासरी काढेल तर ३,१२० भागिले ३०, म्हणजे १०४. हे १०४ पण खरेच. पण मग त्याला ३० नेच गुणायचं, २६ ने नाही. १२० ची जोडी २६ शी आणि १०४ ची जोडी ३० शी, जोड्या अदलाबदल केल्या की दुकान बुडालं. आमच्याकडे बोलताना म्हणूनच नुसतं "रोजचे" कोणी म्हणत नाही, "उघड्या दिवसाचे" म्हणतात.

आणि म्हापशाला शुक्रवार म्हणजे काय ते तुम्हा सगळ्यांना माहीत आहेच, आठवड्याचा बाजार. शुक्रवारचा गल्ला आणि मंगळवारचा गल्ला यांची सरासरी काढून कोणी मंगळवारचा माल भरत असेल तर त्याला माझा लांबूनच नमस्कार. महिन्याची ऑर्डर सरासरीने करतात, दिवसाचा माल दिवस बघून भरतात.

बार्देसचो बाबू

पात्रांव, म्हणजे पुस्तकातली बेकरी सोमवारी बंद असेल तर? 😄

म्हापसा बाजारवालो

मग पुस्तकवाल्याने तसं लिहायला हवं. नाही लिहिलं तर ३१ दिवस उघडी असं धरायचं. परीक्षेत दिलंय तेवढंच धरायचं, धंद्यात मात्र विचारून घ्यायचं.

वाळपयचो गोठो

बाजारवाल्या भावाचं एकदम बरोबर. दुधात पण हेच होतं आणि तिथे तर कर्जापर्यंत जातं. गाय घेताना विकणारा सांगतो रोज सरासरी ९ लिटर. घेणारा माणूस लगेच ३६५ ने गुणतो, ३,२८५ लिटर, वर दुधाचा दर लावतो आणि हप्ता सहज सुटेल म्हणून खूश होतो. पण गाय वर्षभर दूध देत नाही. विण्याआधी दोन महिने आटवावी लागते, नाहीतर पुढचं वेत वाया. म्हणून दूध उत्पादनाचा हिशोब करताना एक वेत ३०५ दिवसांचं धरायची पद्धत आहे. ९ गुणिले ३०५, २,७४५ लिटर. ५४० लिटर गेले ना कागदावरून. आणि चारा मात्र ३६५ दिवस घालावाच लागतो, तिथे ३६५ नेच गुणायचं, तिथे सूट नाही.

शिवाय ते ९ लिटर पण कसले, व्याल्यावर पहिले दोन महिने १३-१४ लिटर, शेवटी शेवटी सकाळचं दूध बादलीचा तळ झाकेल एवढं. ९ लिटर बरोब्बर कधी मिळतात? वर चढताना एकदा आणि खाली उतरताना एकदा, ओझरते.

मासेमारीवाले पण सांगतील, १ जून ते ३१ जुलै बंदी, ६१ दिवस. ट्रॉलरच्या रोजच्या सरासरीला ३६५ ने गुणलं तर बंदीतले मासे पण पकडले असं होईल.

मडगांवकार काकू

तुम्ही सगळे धंद्याचं बोलताय, मी पावसाचं सांगते. शाळेत भूगोल शिकवायचे तेव्हा मुलांना हे करायला लावायचे आणि सगळा वर्ग हसायचा.

गोव्यात पावसाळ्याच्या चार महिन्यांत साधारण ३,००० मिलिमीटर पाऊस पडतो, हे सगळ्यांना पाठ असतं. जून ते सप्टेंबर दिवस किती? ३० + ३१ + ३१ + ३०, १२२. म्हणून दिवसाला सरासरी साधारण २५ मिलिमीटर असं म्हणता येतं, २५ गुणिले १२२ म्हणजे ३,०५०. ठीक. आता कोणीतरी हुशार हात वर करतो आणि म्हणतो टीचर मग वर्षाचा किती, २५ गुणिले ३६५. काढा म्हटलं. ९,१२५ मिलिमीटर. नऊ मीटरच्या वर! म्हणजे आपण चेरापुंजीच्या वाटेला लागलो, आणि फेब्रुवारीत पण रोज छत्री. इथे मुलांना न सांगता कळतं की सरासरी ज्या दिवसांतून आली त्याच दिवसांवर परत पसरायची, दुसऱ्या दिवसांवर नाही.

आणि २५ मिलिमीटर तरी रोज पडतो का? जुलैत कधी एका दिवसात शंभर सव्वाशे कोसळतो आणि सगळे ओहोळ रस्त्यावर येतात, आणि मग ऑगस्टमध्ये कधी चार चार दिवस ऊन आणि भातशेतीवाले आकाशाकडे बघतायत. ३,०५० एकूण आले म्हणून शेत खूश असं नाही. पण तो वेगळा विषय झाला. गुणाकारापुरतं एवढंच की एकूण पाऊस सांगायला सरासरी पुरते, उद्या छत्री घ्यायची का हे सांगायला पुरत नाही.

पर्वरीकरीण

किती छान सांगताय सगळे. आता पुढचा घोळ ऐका. त्याच स्वाध्यायात खाली हे आहे:

"एका होमस्टेमध्ये दररोज सरासरी २.४ पाहुणे येतात. एप्रिल महिन्यात एकूण किती पाहुणे येतील?"

हे वाचून तो जो हसत सुटलाय. पॉइंट चार पाहुणा म्हणजे काय, पाय फक्त आले का म्हणतो. नवऱ्याने सांगितलं की माणसं अपूर्णांकात नसतात म्हणून २ धर आणि २ गुणिले ३० साठ लिही. पुस्तकात उत्तर ७२ आहे. दोघंही माझ्याकडे बघतायत.

फोंड्याचो इंजिनेर

७२ बरोबर. भाऊंना सांगा की पूर्ण करायचंच असेल तर शेवटी करा, आधी नको. आधी केलं की दर दिवसाला ०.४ सांडतो, आणि तो एकदा नाही, ३० वेळा सांडतो. ०.४ गुणिले ३० म्हणजे १२ पाहुणे. एप्रिलमध्ये गोव्यात १२ पाहुण्यांचं भाडं सोडून देणारा होमस्टेवाला मला तरी माहीत नाही 😄

आणि मुलाला सांगा पाहुणे सगळे अख्खेच आले, हातापायांसकट. कोणत्या दिवशी ५, कोणत्या दिवशी कोणीच नाही, कोणत्या दिवशी २. पाच दिवस घ्या: ५, ०, २, १, ४. बेरीज १२, पाच दिवसांत १२, म्हणून दिवसाला २.४. अपूर्णांक वाटण्यातून आलाय, माणसातून नाही.

साखळीचो मास्तर (निवृत्त)

वा. मी यात एवढंच घालीन की २.४ गुणिले ३० करताना दशांश चिन्हाला घाबरत असेल तर पाच दिवसांचे १२ हेच धरायला सांगा. ३० दिवसांत पाच पाच दिवसांचे ६ गठ्ठे, १२ गुणिले ६, ७२. तोंडी होतं.

तोंडी म्हटल्यावर पहिलं उदाहरणही बघून घ्या. ३८५ म्हणजे ४०० ला १५ कमी. ४०० गुणिले ३१, १२,४००. १५ गुणिले ३१, ४६५. वजा केले की ११,९३५. आमच्या वडिलांच्या पिढीतले लोक असंच करायचे, पावकी निमकी दिडकी पाठ असायची त्यांची, कागदाला हात न लावता भुसारी दुकानात उभ्या उभ्या हिशोब. मुलांना मी आधी अंदाज बांधायला लावायचो, ४०० गुणिले ३०, बारा हजारांच्या आसपास उत्तर यायला हवं, आणि मगच पेन्सिल हातात. मघाशी सांगितलेलं १,५४० असं आलं तर लगेच कळतं.

निनावी

माझी मुलगी पण पाचवीत. तिच्या चाचणीत उत्तर बरोबर असून अर्धा मार्क कापला कारण ११,९३५ च्या पुढे "पाव" लिहिलं नाही. हे योग्य आहे का?

मडगांवकार काकू

मी पण कापायचे. ११,९३५ काय? रुपये, पाव, दिवस? गुणताना ३८५ हे "एका दिवसाचे पाव" आहेत आणि ३१ हे "दिवस" आहेत, गुणल्यावर दिवस जातात आणि पाव उरतात. हे ज्या मुलाच्या डोक्यात बसलं तो पुढे वेग आणि अंतराची उदाहरणं बघताक्षणी सोडवतो. ताशी ४० किलोमीटर, ३ तास, तिथे तास जातात आणि किलोमीटर उरतात, काही वेगळं नाही. अर्धा मार्क गेला तर जाऊ दे, सवय लागेल.

वाळपयचो गोठो

काकू, आमच्याकडे लिटर लिहिलं नाही तर पैसेच मिळत नाहीत, मार्क सोडा.

म्हापसा बाजारवालो

पर्वरीच्या ताई, तुमच्या पोराला माझ्याकडून एक उदाहरण द्या, उलटं. "बेकरीवाल्याला एप्रिलच्या ३० दिवसांची सरासरी ३८५ पाव यायला हवी आहे. २९ दिवसांत ११,०९० पाव विकले गेले. ३० तारखेला किती विकावे लागतील?" आमच्याकडे महिनाअखेरीला कंपनीचा सेल्समन येऊन हेच विचारतो, टार्गेटला किती राहिले म्हणून.

पर्वरीकरीण

केलं त्याने, पण आधी चुकीच्या वाटेने गेला, ११,०९० ला २९ ने भागायला बसला आणि भाग जाईना म्हणून चिडला. मग मी फक्त विचारलं की महिन्याचे एकूण किती हवेत, तेव्हा ३८५ गुणिले ३० केलं, ११,५५०, त्यातून ११,०९० वजा, ४६० आले. बरोबर आहे ना?

म्हापसा बाजारवालो

बरोबर, ४६०. भागाकाराची गरजच नव्हती. आता त्याला विचारा की एका दिवसात ४६० खपवायचे तर भट्टीत किती भाजायचे, बरोब्बर ४६०, की दहावीस जास्त? त्याचं उत्तर मागच्या पानावर मिळायचं नाही.